महाड : बाहेरचे कोण आणि गावातले कोण?

१

मी ज्या तालुक्याच्या गावी इतिहास शिकवतो, तिथे दोन वर्षांपूर्वी जयंतीच्या मिरवणुकीच्या रस्त्यावरून वाद झाला. मारामारी झाली नाही. पोलीस आले, मिरवणूक दुसऱ्या रस्त्याने वळवली गेली आणि प्रकरण मिटले. दुसऱ्या दिवशी स्टाफरूममध्ये माझे एक ज्येष्ठ सहकारी मला म्हणाले, “सर, आपल्या गावात पूर्वी असले काही नव्हते. सगळे गुण्यागोविंदाने नांदत होते. बाहेरची पोरे येतात आणि वातावरण नासवतात.”

हे गृहस्थ दुष्ट नाहीत. माझ्या आईच्या आजारपणात त्यांनी न मागता पैसे पुढे केले होते. म्हणूनच त्यांचे वाक्य माझ्या मनात रुतून बसले. ज्यांना ते ‘बाहेरची’ म्हणत होते, ती मुले ओढ्यापलीकडच्या वस्तीतली. त्यांतली चार माझ्या वर्गात बसतात. त्यांच्या पणजोबांनी या गावाची मेलेली गुरे ओढली, दवंडी दिली, सरकारी टपाल वाहिले. माझे सहकारी मात्र वीस वर्षांपूर्वी नोकरीच्या निमित्ताने दुसऱ्या जिल्ह्यातून इथे आले. म्हणजे बाहेरचे ते आणि मी. तरी ‘आपले गाव’ हा शब्द त्यांच्या तोंडात सहज येतो आणि ओढ्यापलीकडच्या मुलांच्या तोंडात तो येऊ लागला की मिरवणुकीचा रस्ता बदलावा लागतो.

शांत गावात बाहेरच्यांनी येऊन कलह लावला, ही तक्रार जुनी आहे. ज्या ज्या ठिकाणी दलितांनी मान वर केली, त्या त्या ठिकाणी ती ऐकू आली. ती खरी की खोटी, एवढेच विचारून भागत नाही. ‘बाहेर’ या शब्दाचा अर्थ कोण ठरवते, हे तपासले पाहिजे. त्यासाठी महाडइतके बोलके उदाहरण दुसरे नाही.

२

महाड हे सावित्री नदीकाठचे जुने व्यापारी गाव. तेव्हाच्या कुलाबा, म्हणजे आजच्या रायगड जिल्ह्यातले तालुक्याचे ठिकाण. बंदर असलेले गाव येणाऱ्या-जाणाऱ्या माणसांवरच उभे राहते. व्यापारी बाहेरून आले, अंमलदार बाहेरून आले, वकील बाहेरून आले आणि सगळे महाडकर झाले. १९२० च्या दशकात गावची वस्ती जेमतेम आठ हजारांच्या आत होती. त्यांत अस्पृश्य सुमारे चारशे. त्यांचे वाडे गावाच्या मध्यापासून वेगळे, कडेला.

चवदार तळ्याविषयी बाबासाहेबांनी जे लिहून ठेवले आहे, ते या दृष्टीने पुन्हा वाचण्यासारखे आहे. तळे मोठे, पावसाच्या पाण्यावर आणि झऱ्यांवर भरणारे. चारी बाजूंनी बांधलेले. भोवती खाजगी जमिनीच्या पट्ट्या, त्यापुढे नगरपालिकेचा रस्ता आणि रस्त्यापलीकडे स्पृश्यांची घरे. बाबासाहेब पुढे एक गोष्ट नोंदवतात, तिच्याकडे आपले लक्ष सहसा जात नाही. बाहेरगावच्या माणसाला पाणी मिळण्यासारखे महाडातले एकमेव सार्वजनिक तळे हेच होते.

म्हणजे तळे बाहेरच्यांसाठीच होते. परगावचा व्यापारी तिथे पाणी पिऊ शकत होता. मुसलमान पिऊ शकत होता. जनावराला कोणी अडवत नव्हते. फक्त महार, चांभार, भंगी यांना ते बंद होते. मग ते चारशे पिढ्यान्‌पिढ्या गावाच्या कडेला राहिलेले असोत की बाजाराला आलेले असोत.

हे बाजाराला येणारे लोक कोण, तेही पाहू. महाड तालुक्यातल्या खेड्यापाड्यांतले अस्पृश्य दोन कारणांनी महाडला येत. एक, खरेदी-विक्रीसाठी. दुसरे, गावकामगार म्हणून. वतनदार महाराने गावचा कागद तालुक्याच्या कचेरीत पोचवायचा, वसूल झालेला सरकारी सारा पोचवायचा, अशी ही चाकरी होती. सरकारचा पैसा आणि सरकारचा कागद त्याच्या हातून विटाळत नव्हता, पाणी विटाळत होते. तहान लागली तर गावाच्या मध्यापासून दूर, अस्पृश्यांच्या वस्तीतल्या विहिरीकडे जायचे आणि ती विहीरही नगरपालिकेने लक्ष न दिल्यामुळे गाळाने भरलेली. ज्या शांततेचे गोडवे गायले जातात, ती शांतता अशी होती. तिच्यात एक माणूस दिवसभर कोरड्या घशाने सरकारचे आणि सावकाराचे काम करून परत जात होता आणि तो काही बोलत नव्हता.

३

आता ज्यांनी ही शांतता मोडली ते कुठून आले ते पाहू.

पहिला बाहेरचा म्हणता येईल तो कायदा. ४ ऑगस्ट १९२३ रोजी मुंबई विधिमंडळात सीताराम केशव बोले यांचा ठराव मंजूर झाला. सरकारी पैशाने बांधलेले किंवा सार्वजनिक संस्थांच्या ताब्यातले पाणवठे, विहिरी, धर्मशाळा, शाळा, कोर्टे, दवाखाने अस्पृश्यांना खुले असावेत, असा तो ठराव. परंतु महाडात तो मुंबईहून आला आणि तसाच पडून राहिला असे नाही. महाड नगरपालिकेने जानेवारी १९२४ मध्ये स्वतः ठराव करून चवदार तळे सर्वांना खुले केले. या कामी पुढाकार घेणारे सुरेंद्रनाथ टिपणीस महाडचेच. तेव्हा तळे खुले करण्याचा निर्णय गावाच्या निवडलेल्या संस्थेने गावातच घेतला होता. तीन वर्षे तो कागदावर राहिला, कारण त्यावर पाऊल टाकण्याची हिंमत कोणाला होऊ नये अशी गावाची व्यवस्था होती.

दुसरे बाहेरचे म्हणजे परिषद भरवणारे. महाडची परिषद मुंबईच्या पुढाऱ्यांनी आणली, असा समज त्या काळी विरोधकांनी पसरवला आणि पुढे आपल्यापैकी अनेकांनीही तो नकळत स्वीकारला. वस्तुस्थिती वेगळी आहे. परिषदेची कल्पना धरून काही वर्षे तिच्यामागे लागलेले रामचंद्र बाबाजी मोरे हे महाडजवळच्या लाडवलीचे. जन्म १९०३ चा. शिष्यवृत्ती मिळवूनही महाडच्या इंग्रजी शाळेने त्यांना आधी प्रवेश नाकारला होता. लहान वयात त्यांनी त्याविरुद्ध लिहून आवाज उठवला तेव्हा प्रवेश मिळाला, पण बसायचे वर्गाबाहेर. आपल्याच तालुक्याच्या शाळेत खिडकीबाहेर बसून शिकलेला हा मुलगा. त्याला ‘गावाबाहेरचा’ म्हणायचे असेल तर गावानेच त्याला बाहेर बसवले होते, एवढ्याच अर्थाने म्हणता येईल.

मोऱ्यांच्या आठवणींत महाडातल्या एका चहाच्या दुकानाचा उल्लेख येतो. अस्पृश्यांनी अस्पृश्यांसाठी काढलेले हे दुकान. बाजाराला आलेल्या माणसाला तिथे पाणी मिळे, चहा मिळे, टेकायला जागा मिळे. मोरे तिथे बसून लोकांचे अर्ज लिहून देत. फौजेतून निवृत्त झालेले पेन्शनर तिथे जमत, बोलत. महाडच्या सत्याग्रहाचा विचार इतिहासकाराने जिथून सुरू करायला हवा ती जागा हे दुकान आहे. कारण पाण्याचा प्रश्न तिथे भाषणातून आलेला नव्हता, तो रोजच्या गिऱ्हाइकाच्या घशातून आलेला होता.

आणखी मागे जाऊ. महाडजवळच्या रावढळ या गावचे गोपाळबाबा वलंगकर १८८६ मध्ये फौजेतून निवृत्त होऊन परतले. १८८८ मध्ये त्यांनी ‘विटाळ विध्वंसन’ लिहून धर्ममार्तंडांना प्रश्न विचारले. १८९५ च्या सुमारास महाड तालुका लोकल बोर्डावर त्यांची नेमणूक झाली तेव्हा त्यांच्याबरोबर बसायला सवर्ण सभासद तयार नव्हते. म्हणजे १९२७ च्या तीस वर्षे आधी या तालुक्याने आपल्या एका रहिवाशाला, आपल्याच बोर्डाच्या सभासदाला परका ठरवले होते.

आणि बाबासाहेब? जन्म महूचा, शिक्षण मुंबई, न्यूयॉर्क आणि लंडनचे, हे सर्वांना माहीत आहे. पण त्यांचे मूळ गाव आंबडवे रत्नागिरी जिल्ह्यातल्या मंडणगड तालुक्यात आहे. सावित्री जिथे समुद्राला मिळते ते बाणकोट याच तालुक्यात येते. ज्या नदीच्या काठी महाड वसले आहे, त्याच नदीच्या मुखाकडच्या मुलखातले हे घराणे. त्यांना कोकणात परके ठरवायला भूगोल उपयोगी पडत नाही. तिथे जातच पुढे करावी लागते.

४

१९ व २० मार्च १९२७ रोजी कुलाबा जिल्हा बहिष्कृत परिषदेचे अधिवेशन महाडला भरले. जवळच्या जिल्ह्यांतून आणि मुंबईहून हजारो माणसे आली. बरीचशी पायी, भाकरीचे गाठोडे घेऊन. परिषदेसाठी लागणारे पाणी स्पृश्यांकडून चाळीस रुपयांना विकत घ्यावे लागले, अशी नोंद आहे. ज्या गावच्या तळ्यावर कायद्याने आपला हक्क आहे, त्या गावात पाणी विकत घेऊन प्यायचे. दुसऱ्या दिवशी समारोपाच्या वेळी अनंतराव चित्रे यांनी तळ्यावर जाण्याची सूचना मांडली आणि चारचारांच्या रांगांनी लोक निघाले. बाबासाहेबांनी ओंजळभर पाणी घेतले, मागून लोकांनी घेतले आणि मिरवणूक शांतपणे मंडपाकडे परतली.

यानंतर दोनेक तासांत जे घडले ते ‘बिघडलेल्या वातावरणा’चे खरे स्वरूप दाखवते. पाणी प्यायल्यामुळे गावात तत्काळ दंगल झाली नाही. दंगल झाली ती अफवेने. हे लोक आता वीरेश्वराच्या देवळात शिरणार आहेत, अशी आवई उठवली गेली. देवळात जाण्याचा कसलाही कार्यक्रम परिषदेपुढे नव्हता. लाठ्या घेऊन जमाव मंडपात घुसला. बरीच माणसे परतीच्या वाटेला लागली होती, काही जेवत होती. जेवणाऱ्यांना मारले, अन्न मातीत मिसळले, गल्लीबोळांत एकेकट्याला गाठून मारले. वीसेक जण गंभीर जखमी झाले. कित्येकांनी मुसलमानांच्या घरांत आसरा घेतला म्हणून वाचले. डाक बंगल्यावर बाबासाहेबांभोवती जमलेल्यांत फौजेत राहिलेली, हत्यार चालवलेली माणसे होती. ती आज्ञेची वाट पाहत होती. बाबासाहेबांनी त्यांना आवरले. त्या रात्री महाडची शांतता ज्यांनी राखली, त्यांत या ‘बाहेरच्यां’चा वाटा मोठा आहे, ही गोष्ट इतिहासाच्या पुस्तकांनी ठळकपणे सांगायला हवी होती. पुढे हल्लेखोरांपैकी पाच जणांना चार महिने सक्तमजुरीची शिक्षा झाली.

नंतर तळ्याचे शुद्धीकरण झाले. एकशे आठ घागरी पाणी उपसून त्यात पंचगव्य मिसळून ते परत ओतण्यात आले आणि तळे पवित्र झाल्याचे जाहीर झाले. ४ ऑगस्ट १९२७ रोजी, म्हणजे बोले ठरावाला बरोबर चार वर्षे झाली त्या दिवशी, नगरपालिकेने १९२४ चा आपलाच ठराव रद्द केला.

डिसेंबरात सत्याग्रह परिषद जाहीर झाली तेव्हा गावाने आपली दारे लावून घेतली. परिषदेला जागा मिळेना. शेवटी फत्तेखान या मुसलमान गृहस्थांनी आपली जमीन दिली. व्यापाऱ्यांनी माल विकण्याचे नाकारले. शिधा बाहेरून आणावा लागला. मोटारमालक नकार देतील ही शक्यता धरून बाबासाहेब आणि त्यांचे सहकारी ‘पद्मावती’ बोटीने निघून २५ डिसेंबरला दासगावला उतरले. लक्षात घ्या, ज्या माणसांना गाडी, धान्य, जागा आणि पाणी यांपैकी काहीही गाव देत नाही, त्यांना सगळे बाहेरून आणावे लागते आणि मग हे सगळे बाहेरून आले असा त्यांच्यावर आरोप करता येतो. बहिष्काराचे तंत्र असे दुहेरी चालते.

५

याच वेळी सनातन्यांनी कोर्टाचा रस्ता धरला. डिसेंबर १९२७ च्या दुसऱ्या आठवड्यात दावा दाखल झाला आणि तात्पुरता मनाईहुकूम मिळाला. दावा कोणाविरुद्ध होता? बाबासाहेबांविरुद्ध होताच, पण त्यांच्यासोबत शिवराम गोपाळ जाधव आणि इतर स्थानिक अस्पृश्यही प्रतिवादी होते. सभेत ज्यांना आम्ही बाहेरचे म्हटले, त्यांच्याबरोबर कोर्टात गावातल्यांची नावे घालावी लागली. कारण कोर्टाला ठाऊक असते की तळ्याचा हक्क सांगणारे गावातलेच आहेत.

मनाईहुकमामुळे तळ्यावर जाण्याचा सत्याग्रह बाबासाहेबांनी तहकूब केला. २५ डिसेंबरच्या रात्री मनुस्मृती जाळण्यात आली. ठराव मांडणारे गंगाधर नीलकंठ सहस्रबुद्धे जन्माने ब्राह्मण होते. मग हजारो लोकांची मिरवणूक गावातून, तळ्याला वळसा घालून शांतपणे निघाली आणि परतली.

दावा दहा वर्षे चालला. सनातन्यांचे म्हणणे दोन मुद्द्यांवर उभे होते. तळे सार्वजनिक नाही आणि अस्पृश्यांनी तिथे येऊ नये अशी अनादी काळापासूनची रूढी आहे. १९३१ मध्ये महाडच्या कोर्टाने, १९३३ मध्ये ठाण्याच्या कोर्टाने आणि १७ मार्च १९३७ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने दावा फेटाळला. तळे नगरपालिकेचे ठरले आणि अनादी रूढी सिद्ध झाली नाही.

या निकालाकडे आपण विजयाची तारीख म्हणून पाहतो. इतिहासाचा विद्यार्थी म्हणून मला त्यातला ‘अनादी काळ’ महत्त्वाचा वाटतो. ‘आमच्या गावात पूर्वी असले काही नव्हते’ हे माझ्या सहकाऱ्याचे वाक्य आणि ‘अनादी काळापासूनची रूढी’ हा कोर्टातला दावा यांत फरक फक्त भाषेचा आहे. दोन्हींत एका वर्गाचे गप्प राहणे हाच पुरावा म्हणून पुढे केला जातो. तळ्याभोवती स्पृश्यांची घरे, जाणाऱ्याला मार आणि खेड्यात परतल्यावर बलुते बंद. अशा स्थितीत कोणी तळ्यावर गेले नाही, यावरून त्याला तिथे जायचे नव्हते असे ठरवायचे आणि त्याला परंपरा म्हणायचे. न्यायालयाने पुरावा मागितला, तेव्हा ही परंपरा कागदावर उभी राहू शकली नाही. गावोगावच्या गुण्यागोविंदाला कोणीतरी असाच पुरावा मागायला हवा.

६

इथपर्यंत मी विरोधकांविषयी बोललो. आता थोडे आपल्याविषयी.

दर वर्षी २० मार्चला आपण भाषणे ऐकतो, करतो. मीही करतो. त्यांत बहुधा अशी मांडणी असते की कोकणातला समाज निद्रिस्त होता, बाबासाहेब मुंबईहून आले, पाण्याला हात लावला आणि समाज जागा झाला. ही मांडणी श्रद्धेने केलेली असते, पण तिचा परिणाम आपल्याविरुद्ध जातो. जागृती बाहेरून आली असे आपणच म्हटले, तर त्याआधी गावात सारे काही सुरळीत होते हे विरोधकाचे म्हणणे आपण अर्धे मान्य केल्यासारखे होते. बाबासाहेबांनी स्वतः महाडच्या भूमीची पूर्वपुण्याई ओळखली होती. दापोली-महाडकडच्या फौजी पेन्शनरांनी चालवलेली चळवळ, वलंगकरांचे काम, हे सगळे त्यांना माहीत होते. महाड निवडले गेले, कारण महाडने बोलावले होते.

मोऱ्यांचे नाव आज आपल्या किती विद्यार्थ्यांना ठाऊक आहे? ते पुढे कम्युनिस्ट झाले. त्यामुळे आपल्याकडच्या अनेकांनी त्यांना बाहेरचे मानले आणि पक्षात जातीचा प्रश्न मांडत राहिल्यामुळे तिथेही ते पूर्ण आतले झाले नाहीत. १९७२ मध्ये ते वारले. त्यांच्या आठवणी पुस्तकरूपाने यायला त्यानंतर तीस वर्षे लागली. गावाने त्यांना खिडकीबाहेर बसवले होते. आपण त्यांना इतिहासाबाहेर बसवले, असे कोणी म्हटले तर माझ्यापाशी चांगले उत्तर नाही. तीच गोष्ट चहाचे दुकान चालवणाऱ्यांची, भाकऱ्या बांधून देणाऱ्या बायांची, तळ्याच्या दाव्यातल्या स्थानिक प्रतिवादींची.

दुसरी गोष्ट. जेधे-जवळकर यांनी सत्याग्रहाला पाठिंबा देताना ब्राह्मणांना चळवळीतून वगळण्याची अट घातली, तेव्हा बाबासाहेबांनी ती नाकारली. आपला विरोध ब्राह्मण्याला आहे, ब्राह्मणाच्या जन्माला नाही, ही त्यांची भूमिका होती. ज्यांना सगळ्यांनी बाहेर ठेवले, त्यांच्या नेत्याने जन्मावरून कोणाला बाहेर ठेवायचे नाकारले. चित्रे, टिपणीस, सहस्रबुद्धे महाडच्या इतिहासात आहेत ते त्यामुळे. ‘आपला’ आणि ‘बाहेरचा’ ही मोजपट्टी आपल्या हातात आली म्हणून ती सरळ होत नाही, हे आज संघटनांची शकले मोजताना आपण आठवले पाहिजे.

७

२०२७ हे महाडच्या शताब्दीचे वर्ष. समारंभ होतील, व्हावेत. पण शिक्षक म्हणून मला वाटते, त्यानिमित्ताने प्रत्येकाने आपापल्या गावाचे चवदार तळे कोणते होते, ते शोधून लिहून ठेवावे. मी माझ्या वर्गाला असे काम दिले. वस्तीतल्या म्हाताऱ्या माणसांना एकच प्रश्न विचारायचा : बाजाराला गावात यायचात तेव्हा पाणी कुठे प्यायचात?

ओढ्यापलीकडच्या एका मुलाने आपल्या आजोबांना विचारले. त्याने वहीत लिहून आणलेले उत्तर असे : “गावात आम्ही पाणी पीतच नव्हतो. सकाळी निघताना पिऊन निघायचो आणि रात्री घरी येऊन प्यायचो.”

ती वही मी स्टाफरूममध्ये माझ्या सहकाऱ्यांना वाचायला दिली. त्यांनी ती दोनदा वाचली आणि विचारले, “हे आपल्या गावातले?” मी म्हटले, हो, आपल्याच.